आमदार आपले, पण यादीत आपण आहोत का?

शाळा सांभाळून आमच्याकडे आणखी एक काम असते. सरकारी कागदावर त्याचे नाव ‘मतदान केंद्रस्तरीय अधिकारी’, गावात सगळे ‘बीएलओ’ म्हणतात. हातात यादी घेऊन कशेळ्याच्या आसपासच्या वाड्यांत घरोघर फिरायचे, नवी नावे घ्यायची, चुका दुरुस्त करायच्या, मयत माणसाच्या नावाचा अर्ज भरायचा.

एका हिवाळ्यात अशाच एका कातकरी वाडीवर गेलो. ओळीने पाच घरे बंद. यादीत त्या घरांतली चौदा नावे. दोनदा हाका मारल्या, कोणी नाही. आम्ही नावांपुढे ‘स्थलांतरित’ असा शेरा लिहायला घेतला. शेजारच्या ओट्यावर एक म्हातारी बसली होती. ती म्हणाली, “बाई, ती कुठं गेली नाहीत. भट्टीवर गेलीत. पाऊस पडला की येतील घरी.”

शेरा लिहिला असता तर ती चौदा माणसे नाव कमी करण्याच्या वाटेला लागली असती. नोटीस आली असती ती बंद दारावर. आणि चूक आमची असती.

१९५० च्या लोकप्रतिनिधित्व कायद्यात याचे उत्तर आहे. माणूस कामासाठी तात्पुरता बाहेर गेला म्हणून तो त्या गावचा रहिवासी राहत नाही, असे होत नाही. कलम २० मध्ये ते स्पष्ट लिहिले आहे. आम्ही बीएड झालेलो, नागरिकशास्त्र शिकवणारे; पण हे आम्हाला त्या म्हातारीमुळे शोधावे लागले.

थोड्या मतांचा मतदारसंघ

आपला कर्जत विधानसभा मतदारसंघ, क्रमांक १८९. पूर्ण कर्जत तालुका आणि खोपोली शहरासह खालापूर तालुक्याचा काही भाग त्यात येतो. २००८ च्या फेररचनेपूर्वी हा भाग ‘खालापूर’ मतदारसंघ म्हणून ओळखला जाई. खालापूर तालुक्याचा उरलेला, चौककडचा भाग उरण मतदारसंघात आहे. त्यामुळे एकाच तालुक्यातल्या दोन बहिणींचे आमदार वेगळे असू शकतात. लोकसभेला आपण मावळ मतदारसंघात, म्हणजे घाटावरच्या पिंपरी आणि चिंचवडबरोबर मत देतो.

आता निकाल पाहू. २०१४ मध्ये राष्ट्रवादीचे सुरेश लाड शेकापच्या महेंद्र थोरवे यांच्यापेक्षा दोन हजारांहूनही कमी मतांनी पुढे राहिले. २०१९ मध्ये थोरवे शिवसेनेकडून उभे राहिले आणि लाड यांना सुमारे १८ हजार मतांनी हरवून आमदार झाले. २०२४ मध्ये शिवसेनेकडून तेच पुन्हा निवडून आले, पण अपक्ष सुधाकर घारे यांच्यापेक्षा त्यांना मिळालेली जास्तीची मते सहा हजारांच्या आत होती.

कोण जिंकले, कोण हरले, यावर आम्हाला इथे काही म्हणायचे नाही. आमच्या कामात ते बसतही नाही. पण तारखा पाहा. २०१९ ची विधानसभा २१ ऑक्टोबरला, २०२४ ची २० नोव्हेंबरला. मावळची लोकसभा २०१९ मध्ये २९ एप्रिलला, २०२४ मध्ये १३ मे रोजी. भातकापणी आटोपली की कातकरी कुटुंबे मुलाबाळांसह वीटभट्टीवर आणि कोळशाच्या कामावर जातात, ती पावसाच्या तोंडावर परततात. म्हणजे मोठ्या निवडणुका बहुतेक वेळा नेमक्या त्या दिवसांत येतात, जेव्हा हा मतदार घरी नसतो. जिथे निकाल दोन-पाच हजारांवर फिरतो, तिथे बंद दारांमागची मते कमी महत्त्वाची कशी म्हणायची?

आपल्या घरातली बंद दारे

हे फक्त वाडीवरचे दुखणे आहे असे समजू नका. नेरळ, दामत, कर्जत, खोपोलीच्या आपल्या मोहल्ल्यांतही यादी उघडली की तेच दिसते.

आमच्या ओळखीतल्या एका भाभींचे लग्न होऊन नऊ वर्षे झाली. नाव अजून माहेरच्या गावच्या यादीत. मतदानाच्या दिवशी घरची सगळी माणसे जातात, त्या स्वयंपाकघरात. कारण विचारले तर म्हणाल्या, “कोणी सांगितलंच नाही, बाई. रेशनकार्डात नाव घातलं तेव्हा वाटलं, सगळीकडेच आलं.” सासूबाई ऐकत होत्या. त्या म्हणाल्या, “आमचंही लक्ष गेलं नाही.” ही दोन वाक्ये किती घरांत बोलली जातील!

दुसरी अडचण नावांची. एका कागदावर ‘शेख’ आधी, दुसऱ्यावर शेवटी. ‘मुमताज’ कुठे ‘मुमताझ’, ‘जुबेदा’ कुठे ‘झुबैदा’. उर्दू शाळेच्या दाखल्यावरून मराठीत नाव उतरवताना एक अक्षर इकडचे तिकडे होते आणि माणूस दोन होतो. उर्दू आणि मराठी दोन्ही शिकवत असल्यामुळे हे दाखले नेहमी आमच्या हातात येतात.

आपल्याकडे एक तक्रार नेहमी ऐकू येते, की विधानसभेत आपले कोण आहे? तक्रार खोटी नाही. २०२४ मध्ये २८८ आमदारांत मुस्लीम आमदार १० निवडून आले. याच रायगडच्या आंबेतचे बॅ. अ. र. अंतुले १९८० मध्ये राज्याचे मुख्यमंत्री झाले आणि २००४ मध्ये कुलाब्यातून लोकसभेवर गेले, ही आठवण वडीलधारी माणसे अजून काढतात. पण कर्जतसारख्या ठिकाणी कोणताही एक समाज स्वतःच्या बळावर आमदार निवडून देऊ शकत नाही. इथे प्रतिनिधित्वाचा अर्थ ‘आपल्यातला माणूस’ इतकाच धरला तर आपण कायम रिकाम्या हाताने राहू. जो निवडून आला, तो आपलाही आमदार आहे. त्याला प्रश्न विचारायचा हक्क आपलाही आहे. मात्र त्या हक्काची पहिली पायरी यादीतले नाव आहे.

मत दिल्यावर पुढे काय?

मत ही अमानत आहे असे आपण घरात म्हणतो. अमानत दिली की तिची विचारपूसही करायची असते. त्यासाठी कोणते काम कोणाचे, हे माहीत हवे. वाडीतली गटारे, दिवे, नळाची देखभाल ग्रामपंचायतीकडे. आमदारांना स्थानिक विकासासाठी वर्षाला पाच कोटींचा निधी असतो. पण आमदाराचे खरे काम विधिमंडळात असते. तारांकित प्रश्न, लक्षवेधी सूचना, अर्थसंकल्पावरची चर्चा यांतून रुग्णालयातल्या रिकाम्या जागा, रस्ते, पाणी हे प्रश्न मंत्र्यांना विचारता येतात. समाजमंदिराचे उद्घाटन दिसते, विचारलेला प्रश्न दिसत नाही. म्हणून आपण पहिल्यावरच माणूस मोजतो.

विचारण्यासारखे प्रश्न कमी नाहीत. खालापूर तालुक्यातल्या मोरबे धरणाचे पाणी नवी मुंबईला जाते. भिवपुरीच्या वीजघरातून सुटलेले पाणी पेज नदीला बारमाही वाहते ठेवते. आणि चैत्र-वैशाखात डोंगराकडच्या वाड्यांतल्या बायका हंडे घेऊन चालतात. दुसरा प्रश्न आदिवासींचा. डोंगरापलीकडे आंबेगाव तालुक्यातली आणि शेजारच्या मुरबाडमधली काही गावे अनुसूचित क्षेत्रात आहेत, म्हणून तिथे ग्रामसभेला पेसा कायद्याचे जादा अधिकार मिळतात. रायगड जिल्हा त्या क्षेत्रात नाही. ठाकूर-कातकरी दोन्हीकडे तेच, अधिकार मात्र वेगळे. हा प्रश्न ग्रामपंचायतीत सुटणारा नाही, तो राज्याकडून दिल्लीपर्यंत न्यावा लागतो. तिथे आमदार-खासदारच लागतात.

विधानसभेत न जाताही लोकांचे होता येते, हेही याच मातीने पाहिले आहे. माथेरानचे वकील भाई कोतवाल यांनी गरीब शेतकऱ्यांसाठी धान्यकोठ्या चालवल्या आणि १९४२ च्या लढ्यात आझाद दस्ता उभारला. २ जानेवारी १९४३ रोजी सिद्धगडावर ते हिराजी पाटील यांच्यासह शहीद झाले. ते गेले तेव्हा इथल्या बहुतेक गरीब शेतकऱ्यांना, कातकऱ्यांना मतही नव्हते. आज आहे.

एवढे जरूर करा

घरातल्या प्रत्येकाचे नाव यादीत शोधा. नवे नाव असेल तर नमुना ६ भरा. पत्ता बदलला, सून सासरी आली किंवा नावात चूक असेल तर नमुना ८. मयत व्यक्तीसाठी नमुना ७. अठरा वर्षे पूर्ण होण्याची तारीख आता वर्षातून चार वेळा धरतात: १ जानेवारी, १ एप्रिल, १ जुलै आणि १ ऑक्टोबर. सतरा पूर्ण झालेल्या मुलामुलींना आधीच अर्ज करता येतो. शंका असेल तर १९५० या क्रमांकावर विचारा. मुलीचे लग्न ठरले की दागिने, कपडे यांच्या यादीत ‘नमुना ८’ ही एक ओळ लिहून ठेवा. आणि २६ जानेवारी, १ मे, १५ ऑगस्ट, २ ऑक्टोबरच्या सुमारास ग्रामसभा असते. तिच्याआधी महिला सभा असते. तिथे बहिणींनी जावे, आणि भावांनी त्या दिवशी घर सांभाळावे.

जनगणना होईल, त्यानंतर मतदारसंघांच्या सीमा पुन्हा आखल्या जातील, महिलांच्या जागाही राखीव होतील. तेव्हा कशेळे कुठे जोडले जाईल, हे आपल्या हातात नाही. यादी आपल्या हातात आहे.

त्या पावसाळ्यात आम्ही पुन्हा त्या वाडीवर गेलो. पाचही दारे उघडी होती. चौदा जण होतेच, शिवाय दोन मुलींना अठरा पूर्ण झाली होती. एकीने सही केली, दुसरीने अंगठा दिला. म्हातारी ओट्यावरच होती. म्हणाली, “बघा, आली की नाही?”

त्या भाभींचा नमुना ८ ही आता भरून झाला आहे. फोटो सासूबाईंनीच शोधून दिला.