गप्पी पाळायचे? आधी पाणी तयार करा

गप्पी मूळचा त्रिनिदाद, व्हेनेझुएला भागातला. आपल्याकडे हिवतापाच्या डासांच्या अळ्या खायला विहिरी-हौदांत सोडतात, तोच हा मासा. म्हणून तो कशातही जगतो, हा समज मात्र घरच्या टाकीत जीवघेणा ठरतो.

टाकी भरली त्याच दिवशी मासे सोडू नका. विष्ठेतून आणि उरलेल्या अन्नातून अमोनिया तयार होतो. त्याचे आधी नायट्राइट, मग बऱ्याच कमी घातक नायट्रेटमध्ये रूपांतर करणारे जिवाणू फिल्टरच्या स्पंजात रुजायला साधारण ४ ते ६ आठवडे लागतात. हा स्पंज नळाखाली धुतलात, तर क्लोरीनने तेच मरतात. टाकीतून उपसलेल्या पाण्यात तो हलकेच पिळावा.

पाणी किंचित जड, तापमान २४ ते २८ अंश. दर आठवड्याला पाव टाकी पाणी बदला, तेही क्लोरीन घालवून. एका नरामागे दोन-तीन माद्या हव्यात, नाहीतर सततच्या पाठलागाने मादी खंगते. ती साधारण महिन्याने थेट पिल्लेच देते आणि एका मिलनातले शुक्राणू साठवून पुढेही अनेकदा विते. पिल्ले मोठ्यांच्या तोंडी जाऊ नयेत म्हणून दाट पाणवनस्पती लावा. जास्तीची पिल्ले ओढ्या-तळ्यात मात्र कधीच सोडू नका. तिथल्या स्थानिक माशांच्या पिल्लांवर ती संक्रांतच.