बाबांना ठाण्यातून फोन आला तेव्हा

२०२५ च्या पावसाळ्यात बाबांना पहिला फोन आला. "जरा थाने आ जाइए, पूछताछ करनी है." बाबा अडुसष्ट वर्षांचे. इंदूरला आजोबांनी बांधलेल्या घरात वर काका-काकू राहतात, खाली आई-बाबा. आजोबा गेल्यावर वाटणीवरून दोघा भावांचं बोलणं बंद झालं आणि काकांनी धमकीची तक्रार दिली. मी पुण्यात नोकरी करते. बाबा तीनदा ठाण्यात जाऊन आल्यावर मला हे कळलं.

तीन आठवड्यांत त्यांना पाच वेळा बोलावलं. एकदा सकाळी अकराला गेले ते रात्री नऊला परतले. गुन्हा दाखल नव्हता, हातात एकही कागद नव्हता. "वरच्या मजल्यावरचा हक्क सोडल्याचं लिहून द्या, मिटवून टाकू," एवढंच सांगितलं जायचं. बाबांची शुगर वाढली. अनोळखी नंबर दिसला की आई फोनच उचलेना.

मी रजा टाकून इंदूरला आले. वकीलबाईंनी पहिलं विचारलं, "लेखी काय आहे?" काहीच नव्हतं. मग त्यांनी समजावलं. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७९ प्रमाणे साक्षीदाराला बोलवायचं तर लेखी आदेश लागतो. त्यातही कोणत्याही स्त्रीला किंवा साठ वर्षांवरील पुरुषाला राहत्या घराबाहेर येण्याची सक्ती करता येत नाही. आरोप असेल, पण अटकेची गरज नसेल, तर कलम ३५(३) ची नोटीस द्यावी लागते. ती व्हॉट्सअॅपवर पाठवून चालत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२५ मध्ये बजावलं आहे.

ऑफिसात बग नोंदवतो तशी मी यादी केली: तारीख, वेळ, कोणत्या नंबरवरून फोन, कधी गेले, कधी परतले. पुरावा म्हणून कॉल लॉग आणि रिक्षाच्या अॅपमधल्या पावत्या जोडल्या. वरिष्ठ पोलीस अधिकाऱ्यांना स्पीड पोस्टने तक्रार पाठवली, पोचपावती जपली. दोन आठवडे उत्तर आलं नाही. तेव्हा उच्च न्यायालयाच्या इंदूर खंडपीठात अनुच्छेद २२६ खाली याचिका करायचं ठरलं. ठाण्यातलं सीसीटीव्ही चित्रण जपून ठेवावं, अशीही मागणी त्यात होती. प्रत्येक ठाण्यात कॅमेरे हवेत, असा सर्वोच्च न्यायालयाचा २०२० चा आदेश आहे.

बाबा तयार नव्हते. "भावाला कोर्टात खेचू?" मी म्हटलं, याचिका पोलिसांविरुद्ध आहे, काकांविरुद्ध नाही. ते अर्धंच खरं होतं. तक्रारदार म्हणून प्रतिवादींच्या यादीत काकांचं नाव होतंच. ते पान बाबा बराच वेळ बघत बसले. मग काही न बोलता सही केली.

दुसऱ्या तारखेला सरकारी वकिलांनी सांगितलं की छळ नाही, फक्त तक्रारीची चौकशी चालू आहे. न्यायालयाने याचिका निकाली काढली: चौकशी करायची तर कायद्याप्रमाणे, लेखी नोटीस देऊन करा, विनाकारण त्रास देऊ नका. आदेश दीड पानाचा. तक्रार रद्द झाली नाही, घर कुणाचं हेही ठरलं नाही. पण फोन थांबले. पुढच्या आठवड्यात एक सब-इन्स्पेक्टर कागद घेऊन घरी आले आणि बाबांचा जबाब अर्ध्या तासात नोंदवून गेले.

वाटणीचा दावा आता दिवाणी न्यायालयात आहे, मध्यस्थीच्या तारखा पडताहेत. त्या वर्षी महालक्ष्म्या मात्र एकाच घरात दोन ठिकाणी बसल्या.

माझ्यासारखे बाहेरगावी राहणारे तुमच्यातही बरेच असतील. आई-बाबांना कधी असा फोन आला तर आधी लेखी नोटीस मागा, आणि ज्येष्ठांना ठाण्यात एकटं पाठवू नका. वकिलाचा खर्च झेपत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरण आहे. स्त्रियांना तिथे उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो, मदतीचा क्रमांक १५१००. आणि घराच्या कागदांबद्दल आत्ताच विचारा, सगळे एका पंगतीला बसताहेत तोवर. आम्ही आजोबांना कधी विचारलंच नाही.