केहिमकर, सामाजी आणि डेव्हिड

अलिबागजवळच्या किहीममध्ये कुणाला ‘केहिमकर’ म्हणून हाक मारण्यात अर्थ नाही. तिथे सगळेच किहीमचे. हे आडनाव कामाला येतं ते गाव सुटल्यावर. कोकणातली ‘कर’ लावणारी आडनावं बहुधा अशीच, परगावी गेलेल्यांची. बेने इस्रायली ज्यूंच्या बाबतीत तर ती लख्ख वाचता येतात.

त्यांची परंपरा सांगते, नवगावजवळ पूर्वजांचं जहाज फुटलं आणि सात जोडपी वाचली. पुढे ही मंडळी पूर्वीच्या कुलाबा जिल्ह्यातल्या गावोगावी पांगली, तेलघाणे चालवू लागली. शनिवारी घाणा बंद, म्हणून लोक त्यांना ‘शनवार तेली’ म्हणत. पेणचे पेणकर, चेऊलचे चेऊलकर, राजपुरीचे राजपूरकर. रोहा आणि अष्टमी यांच्यामध्ये फक्त कुंडलिका नदी आहे, तरी अलीकडचे रोहेकर वेगळे आणि पलीकडचे अष्टमकर वेगळे! या आडनावांवरून धर्म मात्र कळत नाही. दिवेकर हिंदूंतही आहेत.

धर्म कळायचा तो नावातून, पण तिथेही कोकणाने हात फिरवलेला. सॅम्युएलचा झाला सामाजी, अब्राहमचा अबाजी, एलियाचा एलोजी, बेंजामिनचा बनाजी. यहेज्केलसारखं जिभेला जड नाव ‘हसाजी’ होऊन बसलं. शिवकालीन दफ्तरात एखादा हसाजी भेटला तर आपण त्याला मावळाच समजू. बायकांची नावं तर पुष्कळदा शेजारणींसारखीच मराठी असत.

या मिश्रणाचा सर्वांत ठळक मानकरी सामाजी हसाजी दिवेकर, म्हणजे सॅम्युएल इझिकेल दिवेकर. ईस्ट इंडिया कंपनीच्या फौजेतला हा अधिकारी टिपूच्या कैदेत सापडला. सुटलो तर प्रार्थनामंदिर बांधीन, असा नवस त्याने केला होता म्हणतात. सुटल्यावर 1796 मध्ये मुंबईतलं पहिलं सिनेगॉग त्याने उभारलं. मांडवीतल्या सॅम्युएल स्ट्रीटला त्याचं नाव मिळालं. सिनेगॉगला लोक मशीदच म्हणत, आणि मशीद बंदर स्टेशनचं नाव त्यावरूनच पडलं असं सांगतात. गंमत बघा: रस्त्याने ‘सॅम्युएल’ घेतला, सामाजी आणि दिवेकर दोन्ही गाळले.

पुढे इंग्रजी अमदानीत माणसांनीही तेच केलं. अनेकांनी ‘कर’ सोडून वडिलांचंच नाव आडनाव म्हणून लावलं; सामाजी मागे पडून सॅम्युएल, मोझेस, अब्राहम रूढ झाले. ‘बूट पॉलिश’ सिनेमातला जॉन चाचा आपल्याला नुसता डेव्हिड म्हणून माहीत आहे. त्याचं पूर्ण नाव डेव्हिड अब्राहम चेऊलकर. पडद्यावर चेऊल आलंच नाही. मला यात निव्वळ साहेबाची नक्कल दिसत नाही. मुलाच्या नावापुढे बापाचं नाव ही ज्यूंची जुनीच रीत, आणि मराठी माणसालाही ती परकी नाही.

1948 नंतर हजारो बेने इस्रायली इस्रायलला गेले. तिथे डेव्हिड आणि अब्राहम गल्लोगल्ली. मुंबईत वेगळेपण सांगणारं नाव तिथे गर्दीत मिसळलं. वेगळं उठून दिसू लागलं ते पेणकर. हाईम सॅम्युएल केहिमकरांनी मात्र आधीपासून दोन्ही टोकं धरून ठेवली होती. आपल्या समाजाचा इतिहास त्यांनी 1897 मध्ये लिहून पुरा केला. तो छापून निघाला त्यांच्या मृत्यूनंतर, 1937 मध्ये, तेल अवीवला.