मिथेन, काजळी आणि तप्त प्राणवायू

चीनमधील एका खासगी कंपनीचा ‘झुच्यू-२’ हा अग्निबाण १२ जुलै २०२३ रोजी गोबीच्या वाळवंटातील तळावरून उडाला आणि मिथेनच्या बळावर पृथ्वीभोवतीची कक्षा गाठणारा जगातील पहिला अग्निबाण ठरला. अमेरिकेतील बलाढ्य कंपन्या त्याच शर्यतीत असताना हा मान बीजिंगच्या एका नवख्या कंपनीने पटकवावा, याचे अनेकांना आश्चर्य वाटले. पुढे जानेवारी २०२४ मध्ये ‘व्हल्कन’ आणि जानेवारी २०२५ मध्ये ‘न्यू ग्लेन’ हे अमेरिकी प्रक्षेपकही मिथेनवरच उडून कक्षेत गेले. दलदलीतून बुडबुड्यांच्या रूपाने वर येणारा, खेड्यापाड्यांतील गोबरगॅसच्या शेगडीत निळ्या ज्योतीने जळणारा हा वायू एकाएकी अंतराळाचे इंधन झाला. (जपानमधील एका कंपनीने तर होक्काइडो बेटावरील गोठ्यांतल्या शेणापासून मिळविलेल्या मिथेनवर २०२३ च्या डिसेंबरात इंजिन चालवून दाखविले.) साहजिकच मिथेनमध्येच काही अद्भुत शक्ती दडलेली असावी, असा समज पसरू लागला आहे. तो मुळातून तपासून पाहण्यासारखा आहे.

अग्निबाणाच्या इंजिनाचा रेटा दोन गोष्टींवर ठरतो : दर सेकंदाला किती वस्तुमान मागे फेकले जाते आणि ते किती वेगाने फेकले जाते. यांपैकी दुसरी गोष्ट म्हणजेच इंजिनाची कार्यक्षमता. अभियंते तिला ‘विशिष्ट आवेग’ म्हणतात आणि ती सेकंदांत मोजतात. प्रक्षेपकाला जमिनीवरून उचलणाऱ्या केरोसीनच्या उत्तम इंजिनात हा आकडा निर्वात अवकाशात ३४० सेकंदांच्या आसपास असतो, हायड्रोजनच्या इंजिनात तो ४५० पर्यंत जातो. मिथेनचे स्थान या दोहोंच्या मध्ये, पण केरोसीनच्या बरेच जवळ आहे. केवळ उष्मांकाच्या हिशेबाने पाहिले, तर मिथेनसाठी एवढा खटाटोप करण्याचे कारण दिसत नाही.

कारण दिसते ते इंजिनातील दाबात. ज्वलनकक्षातील दाब जितका अधिक, तितका कक्षाचा कंठ अरुंद ठेवून तप्त वायूंना पुढच्या नरसाळ्यात अधिक प्रसरण पावू देता येते. उष्णतेचा मोठा वाटा वेगात उतरतो आणि लहानशा इंजिनातून प्रचंड रेटा मिळतो. परंतु तीनशे वातावरणांच्या दाबाने धगधगणाऱ्या कक्षात इंधन ढकलायचे, तर पंपाचा दाब त्याहूनही जास्त हवा. चंद्रावर माणसे नेणाऱ्या ‘सॅटर्न-५’ च्या एफ-१ इंजिनात कक्षाचा दाब जेमतेम ७० वातावरणे होता, तरी त्याच्या पंपाला ५५,००० अश्वशक्ती लागत असे. ही शक्ती आणायची कोठून, हा अग्निबाणशास्त्रातील सर्वांत जुना पेच आहे.

एफ-१ मध्ये उत्तर सरळ होते. थोडे इंधन व थोडा प्राणवायू बाजूला जाळावा, त्या वायूने टर्बाइन फिरवावे आणि तो वायू सोडून द्यावा. हे झाले उघडे चक्र. त्यात सोडून दिलेल्या वायूपासून फारसा रेटा मिळत नाही आणि कक्षाचा दाब वाढवावा तसतशी ही उधळपट्टीही वाढत जाते. बंद चक्रात टर्बाइन फिरवून आलेला वायू पुन्हा मुख्य कक्षात नेऊन जाळतात. काहीच वाया जात नाही. मात्र टर्बाइनचे पाते वितळू नये म्हणून आधीचे ज्वलन मुद्दाम असमतोल ठेवावे लागते : इंधन फार आणि प्राणवायू थोडा, किंवा याच्या उलट. केरोसीनच्या बाबतीत पहिला मार्ग बंद आहे, कारण अपुऱ्या प्राणवायूत केरोसीनची काजळी धरते आणि नळ्या, छिद्रे, पाती तिने माखून जातात. उरतो दुसरा मार्ग, तप्त प्राणवायूचा. शेकडो वातावरणे दाबाच्या अशा प्राणवायूत पोलादही लाकडासारखे पेट घेते.

सोव्हिएत अभियंत्यांनी हा मार्ग पत्करला आणि त्यासाठी टिकाव धरणारे मिश्रधातू व लेप शोधून काढले. अमेरिकेत ही गोष्ट दीर्घकाळ अव्यवहार्य मानली गेली. अखेर सोव्हिएत संघ कोसळल्यावर, २००० सालापासून, ज्या रशियाच्या विरोधात शस्त्रे परजली त्याच रशियाची आरडी-१८० इंजिने अमेरिकेचे ‘ॲटलस’ अग्निबाण उचलू लागली! २०१४ मध्ये क्रिमियाच्या प्रश्नावरून संबंध बिघडले, तेव्हा या परावलंबनाची जाणीव वॉशिंग्टनला झाली. त्या जागी घेता येईल असे मिथेनवर चालणारे बीई-४ इंजिन विकसित करण्याचा करार त्याच वर्षी जाहीर झाला. ते प्रत्यक्ष उडाले २०२४ मध्ये.

मिथेनचा खरा गुण येथे दिसून येतो. त्याच्या रेणूत एकच कार्बन असल्याने अपुऱ्या प्राणवायूतही त्याची काजळी फारशी होत नाही. म्हणून दोन्ही मार्ग एकाच इंजिनात वापरता येतात. एका पूर्वज्वलनकक्षात सगळे मिथेन थोड्या प्राणवायूसह जाते आणि मिथेनचा पंप फिरविते; दुसऱ्यात सगळा प्राणवायू थोड्या मिथेनसह जातो आणि प्राणवायूचा पंप फिरवितो. हेच ‘संपूर्ण प्रवाहा’चे चक्र. टर्बाइनमधून सारेच वस्तुमान जात असल्याने तेवढ्याच शक्तीसाठी तापमान कमी ठेवता येते व पाती अधिक टिकतात. प्राणवायूच्या पंपाशेजारी प्राणवायूच, मिथेनच्या पंपाशेजारी मिथेनच. मधली गळती प्राणघातक ठरत नाही. मुख्य कक्षात दोन्ही घटक वायुरूपाने येत असल्याने क्षणार्धात मिसळून पुरते जळतात. शिवाय मिथेन उणे १६१ अंशांना उकळते आणि प्राणवायू उणे १८३ ला, म्हणजे दोन्ही टाक्या एका भिंतीने जोडता येतात. उणे २५३ अंशांच्या, अवाढव्य टाक्या लागणाऱ्या हायड्रोजनला ही सोय नाही.

ही कल्पना नवी नव्हे. सोव्हिएत संघाने १९६० च्या दशकात विषारी इंधनांवरचे आरडी-२७० हे असे इंजिन जमिनीवर चालविले होते. ते कधी उडाले नाही. प्रत्यक्ष उड्डाण केले ते २०१९ मध्ये ‘स्पेसएक्स’च्या ‘रॅप्टर’ने. कंपनीच्या आकड्यांनुसार त्याच्या दुसऱ्या आवृत्तीत कक्षाचा दाब ३०० वातावरणे असून रेटा सुमारे २३० टन आहे. अशी ३३ इंजिने एका प्रक्षेपकाखाली असतात. काजळी नसल्याने धुण्यापुसण्याची दगदगही कमी. २७ मे २०२५ च्या उड्डाणातील ३३ इंजिनांपैकी २९ आधी एकदा वापरलेली होती.

याची किंमत मात्र मोजावी लागली. एप्रिल २०२३ च्या पहिल्या मोठ्या उड्डाणात अनेक इंजिने बंद पडून अग्निबाण नष्ट झाला. त्याच जूनमध्ये एक बीई-४ चाचणीतळावरच फुटले. चीनच्या पहिल्या यशातही एक गोष्ट सहसा सांगितली जात नाही : ‘झुच्यू-२’ ची इंजिने उघड्या चक्राचीच होती. मिथेन घेतले म्हणजे उच्च दाब आपोआप येत नाही.

भारताच्या संदर्भात हे ध्यानात घेणे अगत्याचे आहे. केंद्रीय मंत्रिमंडळाने सप्टेंबर २०२४ मध्ये ८,२४० कोटी रुपयांच्या नव्या पिढीच्या प्रक्षेपकास मंजुरी दिली आणि त्याच्यासाठी मिथेन-प्राणवायूचे इंजिन योजिले आहे. १९९३ मध्ये अमेरिकेच्या दबावामुळे रशियाने अतिशीत इंजिनाचे तंत्रज्ञान नाकारले, आणि स्वदेशी अतिशीत इंजिनाचे पहिले यशस्वी उड्डाण व्हायला जानेवारी २०१४ उजाडले. हे ज्ञान विकत मिळत नाही, मिळाले तरी ऐनवेळी हिरावले जाते, हा अनुभव पदरी आहे. इंधन बदलले की झाले, असे मानून केवळ प्रक्षेपणाच्या तारखांचा आग्रह धरला, तर तीच वीस वर्षे पुन्हा मोजावी लागतील. पैसा आणि मुभा प्रथम द्यावयास हवी ती मिश्रधातूंच्या प्रयोगशाळांना आणि चाचणीतळांना; इंजिने फुटू देण्याची मुभाही त्यात आली.

तप्त प्राणवायूची विद्या भारत केरोसीनच्या इंजिनासाठी शिकतोच आहे. त्या प्रकल्पाला २००८ मध्ये मंजुरी मिळाली. जुलै २०२३ मध्ये महेंद्रगिरी येथील पहिली चाचणी टर्बाइनमधील दाब अकस्मात वाढल्याने थांबवावी लागली. २८ मार्च २०२५ रोजी मुख्य कक्षाविना, केवळ पूर्वज्वलनकक्ष आणि पंप मिळून, हे यंत्र सुरळीत चालले. चालले ते अडीच सेकंद.