प्रमाणपत्र कुणाच्या नावाचं?

मंडईत गेलं की आपण किती सहज घासाघीस करतो! ‘मावशी, दोन रुपये कमी करा की’, ‘वर चार मिरच्या टाका’. मावशीही हसून टाकते. पण ती ज्या जागेवर रोज बसते, त्या जागेवर तिचा काही हक्क आहे का, हा प्रश्न काही आपल्याला पडत नाही.

मला तो पडला आमच्या एसटी स्टँडजवळच्या मावशींमुळे. वीसेक वर्षं त्या तिथं भाजी विकतात. एक दिवस अतिक्रमणची गाडी आली आणि वजनकाटा, मेथी-कोथिंबिरीच्या दोन पाट्या उचलून घेऊन गेली. ‘काही कागद दिला का हो?’ मी विचारलं. ‘कसला कागद, ताई? पाया पडले तरी ऐकलं नाही,’ त्या म्हणाल्या. मग कमरेच्या पिशवीतून रबर लावलेला पावत्यांचा गठ्ठा काढून माझ्यापुढे धरला. ‘रोजची पावती फाडते मी. मग मी बेकायदा कशी?’

प्रश्न अगदी रास्त होता. पण रोजची पावती म्हणजे बाजारात बसल्याची फी. ते विक्रीचं प्रमाणपत्र नव्हे. तरी पावत्या फेकू नयेत. आपण इथं किती वर्षांपासून बसतो, हे दाखवायला त्या उपयोगी पडू शकतात.

रस्त्यावर माल विकणं हा गुन्हा नाही. वाजवी बंधनं पाळून तसा व्यवसाय करणं हा मूलभूत हक्क आहे, असं सर्वोच्च न्यायालयानं १९८९ मध्येच सांगितलं. पुढे २०१४ मध्ये पथविक्रेत्यांसाठी केंद्राचा स्वतंत्र कायदा आला. तो फक्त मुंबई-पुण्यासाठी नाही बरं का! आपल्या नगरपरिषदेला आणि नगरपंचायतीलाही तो लागू आहे.

हा कायदा म्हणतो की दर पाच वर्षांतून एकदा तरी विक्रेत्यांचं सर्वेक्षण व्हावं. ते पूर्ण होऊन प्रमाणपत्रं दिली जाईपर्यंत कुणाला उठवू नये. जागा बदलायची असेल, तर आधी तीस दिवसांची नोटीस द्यावी. मुदतीनंतरही जागा सोडली नाही म्हणून माल जप्त केलाच, तर तिथल्या तिथं यादी करून तिची सही केलेली प्रत विक्रेत्याला द्यावी. शुल्क भरून माल परत मागितला, तर नाशवंत माल त्याच दिवशी आणि बाकीचा कामाच्या दोन दिवसांत मिळायला हवा. मावशींच्या हातात ना नोटीस पडली होती, ना यादी.

अर्थात कुठंही, कसंही बसावं असा याचा अर्थ नाही. पायी चालणाऱ्यांनाही रस्ता हवाच. म्हणून कुठं बसता येईल आणि कुठं नाही, हे ठरवण्यासाठी नगर पथविक्रेता समिती असते. तिच्यात किमान चाळीस टक्के सदस्य विक्रेत्यांनी निवडून दिलेले असावे लागतात आणि त्यांतल्या एक तृतीयांश स्त्रिया. म्हणजे टोपली घेऊन बसणाऱ्या बाईला नगरपरिषदेच्या टेबलाशी खुर्ची आहे!

आता खरी मेख. ‘यादीत नाव आहे का?’ असं विचारल्यावर मावशी म्हणाल्या, ‘आहे की, ह्यांचं!’ पहाटे माल आणणार त्या, दिवसभर उन्हात बसणार त्या आणि नाव मात्र मालकांचं. कायद्यात पती किंवा पत्नीला घरच्या माणसाच्या प्रमाणपत्रावर विक्री करता येते. पण ज्याच्या नावाचं प्रमाणपत्र आहे तो वारला किंवा कायमचा अपंग झाला, तर जोडीदाराला त्या जागेवर बसता येतं ते प्रमाणपत्राची मुदत संपेपर्यंतच. पुढं काय? शिवाय प्रमाणपत्रं देताना स्त्रियांना प्राधान्य देता येईल, अशी तरतूदही याच कायद्यात आहे. नावच नसेल तर प्राधान्य कुणाला देणार?

कर्जाचंही तसंच आहे. जून २०२० मध्ये सुरू झालेल्या पीएम स्वनिधी योजनेत पथविक्रेत्यांना तारणाशिवाय कर्ज मिळतं. २०२५ मध्ये रकमा वाढवून पहिलं कर्ज पंधरा हजारांपर्यंत आणि ते फेडल्यावर दुसरं पंचवीस हजारांपर्यंत करण्यात आलं; तिसरं पन्नास हजारांपर्यंतच राहिलं. योजनेची मुदतही मार्च २०३० पर्यंत वाढली. पण इथंही आधी विक्रेता म्हणून नोंद किंवा नगरपरिषदेचं शिफारसपत्र लागतं.

मैत्रिणींनो, तुम्ही स्वतः विक्री करत असाल किंवा तुमच्या ओळखीची कुणी करत असेल, तर एवढं जरूर करा :

• नगरपरिषदेत जाऊन सर्वेक्षण कधी झालं, यादीत आपलं नाव आहे का, ते विचारा. नसेल तर लेखी अर्ज द्या आणि पोच घ्या.
• आधार कार्ड, जुन्या पावत्या, जागेवरचा फोटो एका पिशवीत जपून ठेवा.
• माल उचलला तर भांडण्यापेक्षा आधी यादीची प्रत मागा.
• समितीच्या निवडणुकीत मत द्या. जमलं तर उभ्या राहा.

आणि सर्वेक्षणाची माणसं वही घेऊन समोर आली, ‘नाव काय?’ म्हणाली, तर ‘ह्यांचं लिहा’ म्हणू नका. जी विकते, तिचं नाव सांगा.