बोलक्या पुतळ्यांचे सिंहासन : एका अद्भुत कलावस्तूचे कार्य आणि अर्थ

अद्भुत कथांतील मायावी वस्तूंचा विचार करताना अभ्यासकाचे लक्ष बहुधा त्यांच्या चमत्काराकडे वेधले जाते. ती वस्तू कथेत नेमके कोणते कार्य करते, हा प्रश्न मागे राहतो. ‘सिंहासनबत्तिशी’तील विक्रमाचे सिंहासन हे याचे ठळक उदाहरण होय. मराठी मुद्रित गद्याच्या आरंभकाळातच ही कथामाला छापली गेली. विल्यम कॅरे यांच्या श्रीरामपूर येथील छापखान्यातून इ. स. १८१४ मध्ये पंडित वैजनाथ शर्मा यांनी सिद्ध केलेली तिची मराठी आवृत्ती मोडी लिपीत प्रसिद्ध झाली. प्रस्तुत लेखात या सिंहासनाचे स्वरूप स्पष्ट करून, त्यातून सूचित होणारे अधिकार आणि वाणी यांचे नाते तपासले आहे. हे नाते केवळ कल्पित जगापुरते मर्यादित नाही. ती आवृत्ती निघाली त्या शतकात सातारची गादी आणि सांगलीची रंगभूमी यांच्या इतिहासातही त्याचा प्रत्यय येतो, म्हणून लेखाच्या उत्तरार्धात त्या दोन स्थळांचा विचार केला आहे.

१. सिंहासनाचे स्वरूप

संस्कृतात ही कथामाला ‘सिंहासनद्वात्रिंशिका’ किंवा ‘विक्रमचरित’ या नावांनी ओळखली जाते. तिचे अनेक पाठ असून फ्रँकलिन एजर्टन यांनी इ. स. १९२६ मध्ये त्यांचे तौलनिक संपादन प्रसिद्ध केले. दाक्षिणात्य पाठातील कथाचौकट थोडक्यात अशी : रंभा आणि उर्वशी यांच्यात नृत्यात श्रेष्ठ कोण, याचा निवाडा देवसभेत होईना. इंद्राने विक्रमास पाचारण केले. त्याने नाट्यशास्त्राच्या आधारे उर्वशीच्या बाजूने निर्णय दिला आणि संतुष्ट इंद्राने त्याला रत्नजडित सिंहासन दिले. त्यावर बत्तीस पुतळ्या होत्या व त्यांच्या मस्तकांवर पाऊल ठेवूनच आसनावर चढावयाचे होते.

येथे एक गोष्ट लक्षात घेण्याजोगी आहे. हे सिंहासन युद्धात जिंकलेले नाही, वारशाने आलेले नाही. ते एका कलापरीक्षणाचे पारितोषिक आहे. निःपक्षपाती पारख हाच त्याच्या प्राप्तीचा पाया होय. त्यामुळे पुढे तेच सिंहासन इतरांची पारख करू लागते, यात कथेची आंतरिक सुसंगती दिसते.

विक्रमाच्या मृत्यूनंतर त्यावर बसण्यास योग्य कोणी उरला नाही, म्हणून ते जमिनीत पुरले गेले. दीर्घ काळानंतर त्याच जागी एका ब्राह्मणाचे शेत होते. राखणीच्या मचाणावर चढला की तो भोजराजाच्या लोकांना मुक्तहस्ते धान्य देऊ करी. खाली उतरला की त्यांनाच लुटारू म्हणून आक्रोश करी. भोजाने स्वतः मचाणावर चढून हा अनुभव घेतला, शेत विकत घेतले आणि भूमी खणविली. या प्रसंगात औदार्य हा ब्राह्मणाचा गुण नसून स्थानाचा गुण ठरतो. कृपण माणसालाही उच्च स्थान काही क्षण उदार करू शकते; परंतु उतरल्यावर काय उरते, हा प्रश्न कथा अनुत्तरित ठेवीत नाही. त्याचे उत्तर पुतळ्या देतात.

२. पुतळ्यांची वाणी

भोज सिंहासनावर पाऊल ठेवू लागताच एक पुतळी बोलू लागते. ती विक्रमाच्या औदार्याची कथा सांगते आणि असे औदार्य अंगी असेल तरच या आसनावर बसावे, असे सुचविते. राजा थांबतो. हाच क्रम बत्तीस वेळा घडतो. पुतळ्यांच्या हाती शस्त्र नाही. त्या राजाला अडवतात त्या केवळ कथनाने. स्थान मनुष्याला क्षणिक थोरवी देते. कथा त्या थोरवीचे मोजमाप करते. मचाण आणि पुतळ्या यांतील हा भेद ‘सिंहासनबत्तिशी’चे मर्म होय.

दाक्षिणात्य पाठात या पुतळ्या म्हणजे पार्वतीच्या शापाने निर्जीव झालेल्या तिच्या सख्या आहेत, आणि विक्रमाचे चरित्र भोजास कथन करणे हाच त्यांचा उःशाप आहे. म्हणजे कथन ऐकणाऱ्याची परीक्षा घेते आणि सांगणाऱ्याला मुक्त करते. त्यासाठी राजाने थांबून ऐकणे मात्र आवश्यक असते.

याच पाठातील शालिवाहनाची कथा मराठी वाचकाला विशेष जवळची आहे. प्रतिष्ठान म्हणजे पैठण येथे कुंभाराच्या घरी वाढलेला हा मुलगा मातीचे हत्ती, घोडे व शिपाई करतो. मंत्रबळाने ती खेळणी सजीव होतात आणि विक्रमाच्या सैन्याशी भिडतात. एकाच कल्पित विश्वात अशा दोन कलावस्तू समोरासमोर येतात : एक स्वर्गातून आलेले रत्नजडित आसन, दुसरी कुंभाराच्या अंगणातील माती. मातीची चित्रे लढतात पण बोलत नाहीत. सिंहासनाच्या पुतळ्या बोलतात पण लढत नाहीत. सत्ता मिळविणे आणि सत्तेस पात्र असणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे त्यातून सूचित होते.

३. सातारा : गादी आणि पात्रता

बत्तीस ही संख्या पूर्णत्वाची द्योतक असून ‘बत्तीसलक्षणी’ हा शब्द मराठीत रूढ आहे. शिवाजी महाराजांच्या इ. स. १६७४ मधील राज्याभिषेकाचे वर्णन करताना सभासदाच्या बखरीतही सुवर्णसिंहासनाचे वजन बत्तीस मण दिले आहे. ही संख्या कथेवरून आली असे म्हणता येणार नाही. परंतु वाचकाच्या मनात ती पूर्णत्वाचा संकेत जागवते, एवढे निश्चित.

इ. स. १७०८ मध्ये शाहू महाराजांचा राज्याभिषेक साताऱ्यास झाला आणि छत्रपतींची गादी तेथे स्थिरावली. इ. स. १८१८ मध्ये कंपनी सरकारने प्रतापसिंह महाराजांची त्या गादीवर पुनःस्थापना केली आणि इ. स. १८३९ मध्ये त्याच सरकारने त्यांना पदच्युत केले. आरोप मान्य असल्याचे लिहून दिल्यास गादी राखता येईल, असा पर्याय त्यांच्यापुढे ठेवण्यात आला होता. तो त्यांनी नाकारला. त्यांना काशीस पाठविण्यात आले व तेथेच इ. स. १८४७ मध्ये त्यांचा अंत झाला. पुढील वर्षी राज्य खालसा झाले.

कथेच्या परिभाषेत बोलावयाचे तर येथे क्रम उलटला आहे. भोजाला आसन हवे आहे आणि पुतळ्या त्याला सत्य ऐकवतात. प्रतापसिंहांना असत्य मान्य करण्याच्या मोबदल्यात आसन देऊ केले जाते. आसन सोडून त्यांनी पात्रता राखली, असे म्हणता येईल. त्यांची बाजू मांडण्यासाठी रंगो बापूजी गुप्ते लंडनला गेले आणि अनेक वर्षे तेथे राहून बोलत राहिले. मात्र त्यांचे कथन ऐकून थांबणारा भोज तेथे नव्हता.

४. सांगली : लाकडी बाहुल्या

निर्जीव आकृतीकडून कथा सांगविण्याची कल्पना मराठीत जुनी आहे. लाकडी बाहुलीसाठी ‘सायखडे’ हा शब्द ज्ञानेश्वरीत आढळतो. एकोणिसाव्या शतकात या कल्पनेला सांगलीत प्रत्यक्ष रूप मिळाले. विष्णुदास भावे यांनी खेळासाठी लाकडी बाहुल्या घडविल्या होत्या. पुढे संस्थानाधिपती चिंतामणराव पटवर्धन यांनी कर्नाटकातील भागवत मंडळींचा खेळ पाहून तसा प्रयोग मराठीत करण्याची आज्ञा केली आणि दि. ५ नोव्हेंबर १८४३ रोजी ‘सीतास्वयंवर’ रंगभूमीवर आले. साताऱ्याचे राजे काशीस स्थानबद्ध होते, तो हा काळ. भाव्यांच्या नाटकात सूत्रधार पद्ये म्हणे आणि पात्रे तदनुसार अभिनय करीत. कथनाचे सूत्र एकाच्या कंठात आणि आकृती अनेकांच्या, ही रचना बाहुल्यांच्या खेळाशी जवळीक सांगणारी आहे. भाव्यांच्या त्या बाहुल्यांना विसाव्या शतकात रामदास पाध्ये यांनी पुन्हा रंगमंचावर आणले. ‘सीतास्वयंवरा’चा विषयही येथे अर्थपूर्ण ठरतो, त्यातील शिवधनुष्य हीदेखील राजांची पात्रता पारखणारी एक दिव्य वस्तूच आहे.

५. समारोप

विक्रमाच्या सिंहासनाची अद्भुतता त्याच्या रत्नांत वा दिव्य उत्पत्तीत नाही. आपल्यावर बसू पाहणाऱ्याला ते पूर्वीच्या थोरवीची आठवण देते आणि थांबवून ऐकावयास लावते, यात ती आहे. भोजाचे मोठेपणही याच कसोटीवर सिद्ध होते : आसन हाताशी असताना तो बत्तीस वेळा थांबला. कथेची समाप्ती राज्यारोहणाच्या सोहळ्यात होत नाही, पुतळ्यांच्या शापमुक्तीत होते. बालवाङ्मयात जमा झालेली ही कथामाला सत्ता आणि साहित्य यांच्या नात्यासंबंधीची संहिता म्हणून पुन्हा वाचली जावी, असे तिचे हे स्वरूप सुचविते.