तिसऱ्या रात्रीच्या आधी

एक गवंडी. वय सेहेचाळीस. शनिवारी संध्याकाळी दुचाकी घसरली आणि नडगीचं हाड मोडलं. रविवारी प्लेट बसली. दुपारी हात थरथरत होते, अंगाला दरदरून घाम होता. ‘ऑपरेशनचा ताण’ म्हणून कुणी फारसं लक्ष दिलं नाही. सोमवारी रात्री तो कॉटवर उठून बसला आणि समोरच्या भिंतीवर हवेतच गिलावा मारू लागला. “माल आण रे, सुकतोय,” असं नसलेल्या बिगाऱ्याला ओरडून सांगू लागला. बायकोला त्याने ओळखलं नाही. सलाईनची सुई ओढून काढली.

हा गवंडी म्हणजे कुणी एक खरा माणूस नव्हे. पण सरकारी रुग्णालयात रात्रपाळी केलेला निवासी डॉक्टर त्याला लगेच ओळखेल. भ्रमाच्या अवस्थेत रुग्ण आपला रोजचा धंदा हातवाऱ्यांनी करू लागतो, हेही तो जाणतो. याचं नाव डेलिरियम ट्रेमेन्स, वॉर्डाच्या बोलीत ‘डीटी’. केसपेपरवर हाड, रक्तदाब, साखर, सगळं लिहिलेलं होतं. दारूची ओळ तेवढी कोरी होती. ती वेळेवर कशी भरायची आणि भरल्यावर पुढे काय करायचं, ते टप्प्याटप्प्याने पाहू.

प्रश्न कसा विचारायचा

“दारू पिता का?” याला ठरलेली दोन उत्तरं येतात: “नाही” किंवा “कधीतरी, सोशल.” म्हणून जाणता डॉक्टर विचारतो, “शेवटची कधी घेतली?” आणि मग, “क्वार्टर किती दिवस पुरते?”

हिशोबाला एक माप लागतं. जागतिक आरोग्य संघटनेच्या प्रश्नावलीत दहा ग्रॅम शुद्ध अल्कोहोल म्हणजे एक ड्रिंक. आपल्याकडच्या व्हिस्की-रममध्ये 42.8 टक्के अल्कोहोल असतं, म्हणजे तीस मिलिलिटरचा छोटा पेग हा एक ड्रिंक आणि 180 मिलिलिटरची क्वार्टर म्हणजे सहा. ‘मी दारू घेत नाही, फक्त बिअर’ म्हणणाऱ्याची 650 मिलिलिटरची आठ टक्क्यांची स्ट्राँग बाटली चार ड्रिंक भरते.

ती प्रश्नावली म्हणजे ‘ऑडिट’. प्रश्न दहा, गुण शून्य ते चाळीस. आठ किंवा जास्त आले तर पिणं धोक्याच्या हद्दीत आलं. वीस किंवा जास्त आले तर अवलंबित्वाची नीट तपासणी हवी. घाईच्या ओपीडीत पहिले तीन प्रश्नही चाळणीचं काम करतात. रक्ततपासणी साथ देते: जीजीटी वाढलेलं, लाल पेशींचा आकार मोठा झालेला, यकृताच्या दोन एन्झाइमांपैकी एएसटी हे एएलटीच्या दुपटीहून जास्त. पण कुठलाही रिपोर्ट एकट्याने निदान करत नाही. निदान होतं ते माणसाशी बोलून.

किती पितो यापेक्षा, पकड कुणाची

लोकांना वाटतं, रोज पितो तो बेवडा आणि शनिवारी पितो तो शौकीन. निदानाचे निकष मात्र बाटल्या मोजत नाहीत. दारूची पकड किती घट्ट झाली, ते मोजतात. अमेरिकन मानसोपचार संघटनेच्या 2013 च्या डीएसएम-5 मध्ये अकरा निकष आहेत: ठरवल्यापेक्षा जास्त पिणं, सोडायचा प्रयत्न फसणं, पिण्यात आणि त्यातून सावरण्यात दिवस जाणं, तलफ, कामाची आबाळ, घरात भांडणं होऊनही चालू ठेवणं, आवडीच्या गोष्टी सुटणं, धोक्याच्या जागी पिणं, शरीराला अपाय दिसत असूनही पिणं, तेवढ्याच नशेला जास्त लागणं आणि बंद केल्यावर त्रास होणं. बारा महिन्यांत यातले दोन-तीन जुळले तर विकार सौम्य, चार-पाच तर मध्यम, सहा किंवा जास्त तर तीव्र.

आपल्या रुग्णालयांच्या नोंदी बहुतेक जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-10 या आजारांच्या सूचीनुसार होतात. तिथे सहा लक्षणं आहेत: अनावर ओढ, ताबा सुटणं, बंद केल्यावरचा त्रास, वाढती सहनशक्ती, इतर गोष्टींकडे दुर्लक्ष आणि अपाय दिसूनही न थांबणं. वर्षभरात तीन एकत्र दिसली की ‘अवलंबित्व’ म्हणायचं.

महाराष्ट्रात इथे हमखास एक युक्तिवाद येतो: “डॉक्टर, मी श्रावण पाळतो. महिनाभर थेंब नाही. मग व्यसन कसलं?” त्यावर विचारायचा प्रश्न असा: “गटारीनंतरचे पहिले तीन दिवस कसे जातात?” हात कापतात, झोप उडते, पोटात ढवळतं, असं कळलं तर ज्या श्रावणाचा दाखला निर्व्यसनी म्हणून दिला, त्यानेच एक निकष सिद्ध केला. महिनाभर थांबता येणं आणि व्यसन नसणं, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

एफ-दहा आणि टिंबापुढचा आकडा

निदान झालं की त्याला क्रमांक मिळतो. आयसीडी-10 मध्ये दारूचं घर एफ-10. पुढच्या आकड्याने अवस्था कळते: F10.0 नशा चढलेली, F10.1 अपायकारक पिणं, F10.2 अवलंबित्व, F10.3 दारू तुटल्याचा त्रास, F10.4 तोच त्रास भ्रमासह. गवंड्याच्या कागदावर मोडलेल्या हाडाच्या क्रमांकासोबत F10.2 आणि F10.4 हे दोन्ही यायला हवेत.

इथे एक खाचखळगा आहे. अमेरिकी विम्याच्या बिलांसाठी कोडिंग करणाऱ्यांच्या सुधारित सूचीत F10.20 म्हणजे गुंतागुंत नसलेलं अवलंबित्व. जागतिक आरोग्य संघटनेच्या मूळ सूचीत मात्र F10.20 चा अर्थ ‘अवलंबित्व आहे, सध्या पीत नाही’. आकडा एकच आणि माणसाची अवस्था अगदी उलटी. म्हणून कोड लिहिताना सूची कोणती, हे आधी पाहावं. 2022 पासून लागू झालेल्या आयसीडी-11 मध्ये तर घरच बदललं: 6C40.

आणि मग नातेवाईक डॉक्टरांना बाजूला घेतात: “दारूचं लिहू नका, क्लेम अडकेल.” भीती खोटी नाही. व्यसनावरचे उपचार आणि व्यसनाचे परिणाम वगळणारं प्रमाणित कलम आरोग्य विम्यात असतं. दुसरीकडे 2017 चा मानसिक आरोग्यसेवा कायदा दारू आणि अमली पदार्थांशी निगडित मानसिक अवस्थांना मानसिक आजारात धरतो आणि मानसिक आजाराला शारीरिक आजाराच्या बरोबरीने विमा द्या म्हणतो. या ओढाताणीत ‘अल्सर’ किंवा ‘अशक्तपणा’ लिहून वेळ मारून नेली जाते. पुढच्या खेपेला वेगळा डॉक्टर तो कागद वाचतो, त्याला दारू दिसत नाही, आणि पुन्हा तिसरी रात्र उगवते.

दारू तुटते तेव्हा

दारू मेंदूला सतत ब्रेक लावत असते. मेंदू तिच्याशी जुळवून घ्यायला अ‍ॅक्सिलरेटर दाबून धरतो. दारू अचानक गेली की ब्रेक सुटतो, अ‍ॅक्सिलरेटर दाबलेलाच राहतो. सहा-आठ तासांत थरथर आणि घाम, पहिल्या दोन दिवसांत फिट येण्याचा धोका, आणि साधारण 48 ते 96 तासांत डीटी. उपचार न मिळाल्यास यात जीव जाऊ शकतो. माळ घालून किंवा खोलीत कोंडून ‘एका झटक्यात’ सोडवण्याआधी म्हणूनच डॉक्टरांना दाखवावं. रोज भरपूर पिणारा, आधी फिट आलेला किंवा यकृत बिघडलेला माणूस असेल तर नक्कीच.

उपचाराला डीटॉक्स म्हणतात. त्रास किती, हे दहा मुद्द्यांच्या ‘सीवा’ मापाने काही तासांनी पुन्हा पुन्हा मोजतात आणि त्यानुसार क्लोरडायझेपॉक्साइड किंवा डायझेपाम देऊन पाच-सात दिवसांत हळूहळू कमी करतात. यकृत खराब असेल तर लोराझेपाम बरं. ही औषधंही सवय लावणारी असल्याने घरी डबा भरून ठेवायची नसतात.

दुसरं औषध साधं आहे, ब-1 जीवनसत्त्व, म्हणजे थायमिन. रोज पिणाऱ्याच्या शरीरात त्याचा तुटवडा असतो. आपल्याकडे अशक्त माणूस दिसला की ‘सलाईन लावा’ म्हणतात आणि बाटलीत बहुधा ग्लुकोज असतं. थायमिनशिवाय ग्लुकोज गेलं तर उरलासुरला साठा संपून मेंदूला इजा होऊ शकते. डोळ्यांची हालचाल बिघडते, तोल जातो, गोंधळ होतो आणि पुढे स्मरणशक्ती कायमची खचते. म्हणून थायमिन इंजेक्शनने द्यायचं, आणि ग्लुकोजच्या आधी.

डीटॉक्स झालं, आता खरं काम

आठवड्याने गवंडी शुद्धीवर आहे, शरमलेला आहे. घरच्यांना वाटतं, सुटली. प्रत्यक्षात फक्त शरीर मोकळं झालं. तलफ सांभाळायला तीन मुख्य औषधं आहेत.

नाल्ट्रेक्सोन, रोज 50 मिलिग्रॅम. दारूने मिळणारी मजाच ते बोथट करतं. पण गवंड्याला हाडासाठी ट्रॅमाडॉल चालू आहे. अफूजन्य गटातलं वेदनाशामक आणि नाल्ट्रेक्सोन एकत्र चालत नाहीत, म्हणून थांबावं लागेल. अकॅम्प्रोसेट, 333 मिलिग्रॅमच्या दोन गोळ्या दिवसातून तीनदा. ते मूत्रपिंडातून बाहेर पडतं, त्यामुळे यकृत दुखावलेल्याला चालतं. आधी मूत्रपिंड तपासायचं. आपल्या गवंड्याला आज हेच सोयीचं. तिसरं डायसल्फिरॅम. ते घेतल्यावर दारू प्यायली तर शरीरात अ‍ॅसिटाल्डिहाइड साचतं: चेहरा लाल, उलट्या, धडधड, रक्तदाब कोसळणं. ‘नकळत दारू सोडवा’ म्हणून वरणात-चहात अशी गोळी मिसळण्याचा मोह घरच्यांना होतो. तो जिवावर बेतू शकतो. गोळी बंद केल्यावरही दोन आठवड्यांपर्यंत परिणाम टिकू शकतो. हे औषध माणसाच्या संमतीने आणि देखरेखीखालीच द्यायचं.

गोळ्यांच्या जोडीला माणसं लागतात. पुण्यात 1986 साली अनिता आणि अनिल अवचट यांनी उभं केलेलं मुक्तांगण हे मराठी माणसाच्या ओळखीचं दार. अल्कोहोलिक्स अनॉनिमसच्या सभा गावोगाव भरतात. आणि समुपदेशनाला मानसोपचारतज्ज्ञच हवा असंही नाही. गोव्यातल्या दहा प्राथमिक आरोग्य केंद्रांत ‘संगत’ संस्थेने प्रशिक्षण दिलेल्या साध्या माणसांकडून पिणाऱ्या पुरुषांना जास्तीत जास्त चार बैठका दिल्या. तीन महिन्यांनी त्यांच्यातले 42 टक्के न पिणारे होते, नेहमीची सेवा मिळालेल्यांत 18 टक्के. 2019 च्या राष्ट्रीय सर्वेक्षणानुसार दारूवर अवलंबून असलेल्या 38 भारतीयांमागे जेमतेम एकाला कसलातरी उपचार मिळतो. अशा देशात त्या चार बैठका लाखमोलाच्या. पहिलं पाऊल फोनवरूनही टाकता येतं: व्यसनमुक्तीसाठी 14446, मनाच्या तक्रारींसाठी टेली-मानस 14416.

गवंडी मध्येच एकदा प्यायला, तर केंद्रातली माणसं त्याला ‘स्लिप’ म्हणतात. मधुमेहीची साखर वाढली की आपण त्याला हाकलत नाही, डोस तपासतो. इथेही तेच.

आता त्याच्या केसपेपरकडे परत जाऊ. दाखल झाला त्या दिवशी तिथे F10.24 हवं होतं: अवलंबित्व आहे, सध्या पितो. नाल्ट्रेक्सोन किंवा डायसल्फिरॅमसारख्या औषधावर न पिता राहिला, तर F10.23. पुढे औषधांशिवायही राहिला, तर F10.20. आजाराचं नाव पुसलं जात नाही, शेवटचा आकडा तेवढा बदलत जातो. पण तो बदलायचा तर पहिल्या रात्री कुणीतरी तो लिहिलेला असावा लागतो.